'स्ट्रीट आर्ट'ला मराठीत काय म्हणावं? ('भित्तिचित्र' खोडलं गेलंय)

खाडीपलीकडची
नमस्कार. रत्नागिरीजवळच्या एका शाळेत मी मराठी शिकवते. नववीची मुलं सहलीला मुंबईला जाणार आहेत. त्यातली एक सकाळ वांद्र्याला चॅपल रोड आणि रणवारच्या गल्ल्यांतून पायी हिंडत भिंतींवरची चित्रं बघायची, असं ठरलंय. माझी भाची तिथे अशा फेऱ्या घेते. पंधरा-वीस माणसांना घेऊन फिरते, एकेका भिंतीपाशी थांबते, ती कोणी रंगवली, आधी तिथे काय होतं ते सांगते. ती बोलते इंग्रजीत. मुलांसाठी चार पानी मराठी टिपण मी करतेय आणि पहिल्याच ओळीत अडकलेय.

मी 'भित्तिचित्र' लिहिलं होतं. आमच्या चित्रकलेच्या सरांनी ते खोडलं. त्यांचं म्हणणं, भित्तिचित्र म्हणजे अजिंठा. लेण्याच्या, देवळाच्या, वाड्याच्या भिंतीला नीट गिलावा करून, ज्याची भिंत त्याच्याच सांगण्यावरून काढलेलं आणि टिकावं म्हणून काढलेलं चित्र. हे रस्त्यावरचं, ऊनपाऊस खाणारं, उद्या त्यावर दुसरा कोणी रंग फासेल हे माहीत असूनही काढलेलं. दोन्हींना एकच शब्द कसा चालेल? मला पटलं. मग 'पथचित्र' लिहिलं, तर एका मुलीने विचारलं, "बाई, म्हणजे रस्त्यावरची रांगोळी का?"

शनिवारी टिपण छापायला द्यायचंय. काय लिहू?

जांभा
ताई, 'स्ट्रीट आर्ट' लिहा आणि पुढे जा. मुलं मोबाइलवर रोज हाच शब्द वाचतात. टिपण मुलांना कळायला हवं. 'टेबल', 'बटाटा', 'पगार' आपण पचवले. त्यातले शेवटचे दोन तर पोर्तुगिजांबरोबर याच किनाऱ्यावर उतरले.

शब्दवेडा
जांभाशेठ, बटाटा वस्तूबरोबर आला, वस्तू इथे नव्हती. भिंतीवर चित्र काढणं आपल्याकडे नव्हतं का? आणि रत्नागिरीच्या बाईंना तुम्ही हा सल्ला देताय! सावरकर १९२४ ते १९३७ रत्नागिरीत स्थानबद्ध होते आणि भाषाशुद्धीची मोहीम त्यांनी तिथूनच चालवली. दिग्दर्शक, बोलपट, महापौर हे शब्द त्यांनी दिले. आज 'दिग्दर्शक' कोणाला खटकतो?

बाई, 'पथचित्र' सोडू नका. 'पथनाट्य' रुळलंच ना? पथनाट्य पथाच्या डांबरावर कोरलेलं नसतं, पथाच्या कडेला उभं राहून केलेलं असतं. तसंच हे.

जांभा
'बोलपट' कुठे आहे आज? आणि 'चित्रपट' पोस्टरवर असतो, पण घरातून निघताना माणूस "सिनेमाला जातो" असंच सांगतो. दिलेले शब्द काही रुजतात, काही नाही. रुजलेले तेवढे मोजून नियम काढता येत नाही.

सडेकर
दोघांनाही थोडं थांबवतो, कारण हा प्रकार मी डोळ्यांसमोर घडताना पाहिलाय. आमच्या राजापूर-रत्नागिरीच्या सड्यांवर कातळात खोदलेली चित्रं आहेत. माझ्या लहानपणी गुरं घेऊन जाणाऱ्यांना ती माहीत होती, पण त्यांना नाव नव्हतं. "पांडवांनी काढलंय" एवढंच. पुढे शोध घेणाऱ्यांनी लिहायला सुरुवात केली, तेव्हा आधी 'कातळखोद चित्रं' असा शब्द कानावर यायचा. मग 'कातळशिल्पं' आलं आणि तेच राहिलं. २०२२ मध्ये ती युनेस्कोच्या संभाव्य यादीत गेली तोवर पाटीवर, बातमीत, गाववाल्यांच्या तोंडी, सगळीकडे 'कातळशिल्प' झालं होतं.

आता शब्द तपासा. कशेळीचा हत्ती अठरा मीटर लांब आहे, पण तो सपाट कातळावर खोदलेली रेघ आहे. त्याला 'शिल्प' कसं म्हणायचं? काटेकोरपणे ते खोदचित्रच. चुकीचा म्हणावा असा शब्द रुजला आणि अचूक शब्द मागे पडला. मला आजही 'खोदचित्र' जास्त आवडतो. पण माझा मुलगा 'कातळशिल्प' म्हणतो आणि त्याला मी दुरुस्त करत नाही.

तेव्हा सरांनी जे खोडलं ते परत लिहा. 'भित्तिचित्र' अजिंठ्यापुरतं कोणी राखून ठेवलंय?

वेताळबांबर्डेकर
आमच्या सिंधुदुर्गात गणपतीच्या मागची भिंत दर वर्षी नव्याने रंगवतात. त्याला कोणीही भित्तिचित्र म्हणत नाही. भिंतसुद्धा म्हणत नाही, 'वणत' म्हणतात. चतुर्थीच्या आधी आजोबांचा प्रश्न असायचा, "वणत चितारून झाली काय?" मूर्ती यायच्या आदल्या रात्रीपर्यंत त्यावर मोर, वेली, कधी पुराणातला प्रसंग. पुढल्या वर्षी सगळं पांढरं करून परत. टिकावं म्हणून कोणी काढत नव्हतं, म्हणजे सरांचा निकष इथे घरातच मोडतो.

'चितारणे' हे क्रियापद पकडा, ताई. सावंतवाडीत चितारआळी आहे, लाकडी फळं-खेळणी आणि गंजिफा रंगवणाऱ्या चिताऱ्यांची. चित्रकार आपल्याकडे कॉलेजातून आला, चितारी आधीपासून होता. 'चितारलेल्या भिंती' लिहा. मुलांना न समजावता कळेल.

शब्दवेडा
'चितारी' हे 'चित्रकार'चंच झिजलेलं रूप. म्हणजे फिरून संस्कृतच. हरकत नाही, आनंदच आहे.

पण 'वणत' कुठून? मला 'भित्ति'ची गंमत माहीत आहे. धातू 'भिद्', फोडणे. संस्कृत कोशात 'भित्ति'चे अर्थ बघा: फोडणं, मग फोडलेल्या बोरूंची चटई, मग भिंत. म्हणजे मूळची भिंत दगडाची नव्हे, विणलेली!

वेताळबांबर्डेकर
मग ती आमचीच भिंत की. पावसाळ्याआधी पडवीच्या भिंतीला झापं बांधतात ना, माडाची, विणलेली. आणि जुनी घरं कुडाची. कारवीच्या काठ्या, वर माती, वर शेण. 'कुडास कान, ठेवी ध्यान' ही म्हण चिऱ्याच्या भिंतीची नाहीच, कुडाला खरोखर फटी असायच्या, ऐकू जायचं. आमचं कुडाळ नावही या कुडावरूनच, असं वडील सांगायचे.

सडेकर
कुडाळचं सोडा. गावांच्या नावांवर घसरलो की शंभर प्रतिसाद होतील आणि बाईंचा शनिवार जाईल.

वेताळबांबर्डेकर
वडील सांगायचे एवढंच म्हटलंय, ताम्रपट दाखवलेला नाही.

डहाणूकडचा
कोकण म्हणजे तळकोकणच असं समजून चाललंय इथे, म्हणून लिहितो. आमच्या बाजूला वारली घरात लग्नाला भिंतीवर चौक असतो, मध्ये पालघाट देवी. गेरूने सारवलेल्या भिंतीवर तांदळाच्या पिठाने सवाशिणी तो करतात. त्या "चौक काढला" म्हणत नाहीत, "चौक लिहिला" म्हणतात. मी शाळेत असताना एका आजींना म्हणालो, "छान काढलंय." त्या म्हणाल्या, "लिवलाय."

पुढे जिव्या सोमा मशे यांनी हेच चित्र लग्नाच्या भिंतीवरून कागदावर आणलं, २०११ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली, आणि आता मुंबई-पुण्यातली अर्धी कुंपणं 'वारली' झालीत. तारपा वाजवणारा एक, त्याच्याभोवती नाचणारे. त्यात देवी नसते, लग्न नसतं. नाव तेच, चित्रही दिसायला तेच. पण माझ्या लेखी ती वस्तू वेगळी आहे, आणि तिला वेगळा शब्द नाही हे मला रोज टोचतं. तेव्हा सरांनी भित्तिचित्र खोडलं ते बरोबर केलं. भिंत कोणाची आणि चित्र कशासाठी यावरून शब्द बदलायलाच हवा.

शब्दवेडा
'लिवलाय'! हे वाचून खुर्चीतून उठलो. 'लिख्' धातूचा जुना अर्थ खरवडणे, रेघ ओढणे. चित्राला संस्कृतात 'आलेख्य' म्हणत. आणि इटालियन 'ग्राफिटो' म्हणजे काय? खरवडून काढलेलं! त्याचं अनेकवचन ग्राफिटी. वारली आजींचं क्रियापद आणि ग्राफिटी एकाच कृतीतून निघालेत, आणि सडेकरांचा कातळावरचा हत्तीही. बाई, शब्द सापडला: 'भित्तिलेख'.

जांभा
भित्तिलेख वाचल्यावर माझ्या डोळ्यांपुढे "येथे जाहिराती लावू नयेत" येतं. किंवा निवडणूक. किंवा शिलालेख. चित्र अजिबात येत नाही.

आणि 'ग्राफिटी' मराठीत आणू नका. मराठी वाचकाला ग्राफिटी म्हणजे वर्तमानपत्रातलं विटांच्या चौकटीतलं रोजचं एक वाक्य. त्या शब्दाचं जे व्हायचं ते होऊन गेलंय.

मिरकरवाडा
मी बोटी रंगवणाऱ्यांच्या घरातली. वडील ट्रॉलरवर नाव टाकायचे, नाळेवर फुलं, कधी देवी. स्वतःला पेंटर म्हणायचे. दुकानाच्या पाट्या तेच, शाळेच्या भिंतीवरचा नकाशा तेच. तुमच्या चर्चेत चितारी आहे, सवाशिणी आहेत, पेंटर कुठेच नाही. २०१४ मध्ये वांद्र्याला एमटीएनएलच्या इमारतीवर रंजित दहियांनी दादासाहेब फाळके रंगवले, ते बघायला मी मुद्दाम गेले होते. हाताने रंगवलेल्या सिनेमाच्या पोस्टरांची धाटणी, आणि ते हात पेंटरचे हात आहेत हे मला लगेच ओळखू आलं. एवढ्या उंच भिंतीवर चेहरा मापात ठेवणं सोपं नाही, जवळून नाक कुठे आणि डोळा कुठे ते कळतच नाही.

'रंगवलेल्या भिंती' म्हणा. कोणाला कमीपणा वाटणार नाही, कोणाला कोश उघडावा लागणार नाही.

सडेकर
मिरकरवाडाताई, तुमच्या वडिलांबद्दल आणखी लिहा, जमलं तर स्वतंत्रच.

पण 'रंगवलेल्या' म्हटलं की एक अडचण आहे. २०१७ साली ससून डॉकमध्ये कलाप्रकल्प झाला, तेव्हा मासळीचं काम करणाऱ्या माणसांचे मोठाले फोटो छापून भिंतींवर चिकटवले होते. त्यात रंगवणं नाही, चितारणं नाही, लिहिणं तर नाहीच. आणि स्ट्रीट आर्टमध्ये ते धरतात.

जांभा
म्हणून म्हणतो, स्ट्रीट आर्ट.

खाडीपलीकडची
सगळ्यांचे आभार, दोन दिवस वाचतेय. काल वर्गात मुलांपुढे सगळे पर्याय मांडले. 'वणत' दोघांना माहीत होता, त्यांचं आजोळ कणकवलीकडचं. 'चितारलेल्या भिंती' बऱ्याच जणांना आवडलं. 'फेरी'वर मात्र सगळे हसले. मी 'चित्रफेरी' लिहिलं होतं, तर दाभोळकडचा एक मुलगा म्हणाला, "बाई, बोटीतून जायचंय का?" त्याच्यासाठी फेरी म्हणजे धोपाव्याला जाणारी फेरीबोट. म्हणजे आता दुसराही शब्द गेला.

डहाणूकडचा
प्रभातफेरी ऐकली नाही का त्याने?

खाडीपलीकडची
ऐकली असेल. पण प्रभातफेरीत घोषणा देत जातात, थांबून बघत नाहीत.

शब्दवेडा
'पदभ्रमण' आहे.

जांभा
पदभ्रमण म्हटलं की पाठीवर सॅक आणि समोर किल्ला.

वेताळबांबर्डेकर
"बघत बघत चालणे" असं लिहिलं तर काय बिघडतं? दर वेळी नामच का लागतं आपल्याला? माझा मुद्दा पहिल्यापासून तोच आहे. मराठीकडे या कामाला क्रियापदं भरपूर आहेत, चितारणे, लिहिणे, काढणे, रंगवणे. इंग्रजीत नाम आहे म्हणून आपणही नाम पाडायला बसतो आणि ते दगडासारखं होतं.

शब्दवेडा
टिपणाला शीर्षक लागतं, बांबर्डेकर. शीर्षकात क्रियापद घेऊन किती पानं चालवाल? शास्त्र, कला, कायदा, कशातही नामाशिवाय बोलता येत नाही. नाम पाडायचं नाही म्हटलं की ते विषय इंग्रजीत जातात, आणि आपण घरगुती गोष्टींपुरते उरतो. हे मी भांडायचं म्हणून लिहीत नाही, मला याची खरोखर भीती वाटते.

मिरकरवाडा
भीती मलाही वाटते, पण वेगळी. कठीण नाम दिलं की वडिलांसारखी माणसं त्या विषयातून बाहेर पडतात. त्यांच्या कामाबद्दल लिहिलेलं त्यांनाच वाचता येत नाही.

पाखाडीवाला
उशिरा आलो. एक गोष्ट कोणी लिहिली नाही. रणवार ही वांद्र्याच्या जुन्या पाखाड्यांपैकी एक. तिथले मूळचे लोक ईस्ट इंडियन, त्यांची घरची बोली मराठीच्याच कुळातली. लाकडी सज्जे, बाहेरून जिने, घरासमोर क्रूस. तुम्ही ज्या भिंतींना नाव शोधताय त्यांच्या आत राहणाऱ्यांनी त्या चित्रांना काहीतरी म्हटलं असेलच. भाचीला सांगा, एखाद्या आजीला विचारायला.

'पाखाडी' शब्द मात्र टिपणात घ्या. आमच्या गुहागरकडे पाखाडी म्हणजे चिऱ्यांच्या पायऱ्यांची वाट, आणि वस्तीलाही तेच. मुलांना तिथे गेल्यावर आपली ओळखीची वाट भेटेल.

वेताळबांबर्डेकर
आमच्याकडे वाटेला पाणंद म्हणतात, पण ती दोन्हीकडे गडगा असलेली. पाखाडी उताराची, नाही का?

पाखाडीवाला
पायऱ्या असल्या की पाखाडी. पाणंद सपाट आणि पावसात चिखलाची.

सडेकर
राजापुरात घाटी म्हणतात पायऱ्यांच्या वाटेला.

खाडीपलीकडची
पाखाडी नक्की घेते. भाचीला आजींचं विचारलंय. तिने उलट मलाच एक प्रश्न पाठवलाय, तो इथे टाकते. चॅपल रोडच्या एका भिंतीवर आधी एक चित्र होतं, तिला फार आवडायचं, आता त्यावर दुसरं आहे. मुलांना ते मराठीत सांगताना कोणतं क्रियापद वापरायचं? 'पुसलं' नाही, कारण ते खाली आहेच. 'झाकलं' म्हटलं तर कापड टाकल्यासारखं वाटतं.

डहाणूकडचा
सारवलं. आमच्याकडे जुना चौक सारवतात आणि त्यावर नवा लिहितात. खालचा असतोच.

शब्दवेडा
सारवणं शेणाचं, जमिनीचं. ऑइल पेंटला चालणार नाही.

मिरकरवाडा
बोटीवर जुनं नाव घालवून नवं टाकायचं असलं की वडील म्हणायचे, "हात मारून घेतला." एक हात मारला तरी उन्हात तिरकं बघितलं की जुनी अक्षरं दिसायची.