मदत हवी आहे: अर्जेंटिनाची १९८३ नंतरची महागाई सोप्या भाषेत कशी सांगू?

नमस्कार मंडळी,

मी परळच्या एका कनिष्ठ महाविद्यालयात बारावीला अर्थशास्त्र शिकवते. पुढच्या रविवारी दादरला आमच्या अभ्यासमंडळात मला पाऊण तास बोलायचंय. विषय मीच मागून घेतला: लष्कर जाऊन लोकशाही आल्यावर अर्जेंटिनात पैशाचं मोल का उरलं नाही.

निमित्त बाबांचं. शिवाजी पार्कच्या कट्ट्यावर त्यांचे मित्र म्हणतात, "दोन-चार वर्षं मिलिटरी आली की भाव ताळ्यावर येतील." बाबा घरी येऊन तेच ऐकवतात. मला त्यांच्याशी भांडायचं नाहीये, त्यांना पटेल असं उत्तर द्यायचंय.

आतापर्यंत हाताशी आलेलं असं. मार्च १९७६ मध्ये लष्कराने सत्ता घेतली तेव्हा परदेशी कर्ज सुमारे ८ अब्ज डॉलर होतं, जाताना सुमारे ४५ अब्ज. मधल्या काळात पेसो, म्हणजे तिथलं चलन, मुद्दाम महाग ठेवला होता. डॉलर इतका स्वस्त की मध्यमवर्गीय लोक मायामीला जाऊन दुकानात "देमे दोस" म्हणायचे, म्हणजे "दोन द्या". इकडे देशातले कारखाने आयातीपुढे बंद पडत होते. नंतर खासगी कंपन्यांची डॉलरमधली कर्जंही सरकारच्या गळ्यात आली. १९८२ चं ब्रिटनशी झालेलं फॉकलंड युद्ध हरले ते वेगळंच. आणि कट्ट्यावर सांगण्याजोगी मुख्य गोष्ट: १९८३ मध्ये, लोकशाही यायच्या आधीच, महागाई वर्षाला ३०० टक्क्यांच्या वर गेली होती.

१० डिसेंबर १९८३ ला राउल अल्फोन्सिन राष्ट्राध्यक्ष झाले. लोकशाहीत पोट भरतं, आजार बरे होतात, शिक्षण मिळतं, असं ते प्रचारात सांगायचे. गरिबांना अन्नाचे खोके वाटले. जून १९८५ मध्ये नवं चलन आणलं, १००० पेसोंचा १ ऑस्ट्रल, आणि भाव-पगार गोठवले. महिन्याला ३० टक्क्यांची महागाई सप्टेंबरात २ टक्क्यांवर आली!

मी अडलेय ती इथे. जुलै १९८९ मध्ये एकाच महिन्यात भाव जवळजवळ तिप्पट झाले. म्हणजे एक तारखेचा २० रुपयांचा वडापाव महिनाअखेर ६० ला. लूटमार झाली, अल्फोन्सिन मुदतीच्या पाच महिने आधी पायउतार झाले. एवढी चाललेली योजना का फसली? कामगार संघटनांचे १३ सार्वत्रिक संप, धान्याचे पडलेले भाव, कर्जाचं व्याज, हे वाचलंय. पण सगळं खापर सेनाधिकाऱ्यांवर फोडलं तर ते खरं होणार नाही, आणि बाबा ते लगेच पकडतील. कुणाचा अभ्यास असेल तर सांगा, कोणतं कारण आधी मांडू?

प्रतिसाद:
ताई, बँकेत नोकरी केलेला माणूस म्हणून सांगतो. सरकारची तूट नुसती अंदाजपत्रकात शोधू नका. तिथली मध्यवर्ती बँक इतर बँकांचा पैसा सक्तीने स्वतःकडे ठेवून घेई आणि त्यावर व्याज देई. ते व्याज द्यायला शेवटी नोटाच छापायच्या. भाव गोठवले, पण हे मीटर चालूच राहिलं. तो दोष नव्या सरकारचाही. ६ फेब्रुवारी १९८९ ला मध्यवर्ती बँकेने डॉलर विकणं थांबवलं आणि डॉलरचा दर भडकला. तुम्ही कर्जापासून सुरुवात करा, पण या व्याजाला दहा मिनिटं द्या.

धागाकर्ती:
दादा, मनापासून आभार, हे व्याजाचं माझ्या लक्षातच आलं नव्हतं. काल रात्री जेवताना बाबांना वडापावाचं गणित सांगितलं. हातातला घास तसाच ठेवून त्यांनी विचारलं, "मग तिथल्या म्हाताऱ्यांची पेन्शन किती दिवसांनी वाढायची?" मला सांगता आलं नाही. रविवारी हाच प्रश्न सगळ्यात आधी येणार. स्पॅनिश वाचता येणारं कुणी आहे का इथे?