सल्ला हवा: कादंबरीतल्या उजेड देणाऱ्या दगडाला मर्यादा कोणत्या घालू?

मांडवीकाठ
नमस्कार मंडळी. कुमारांसाठी एक अद्भुत कादंबरी लिहायला घेतली आहे. काळ विजेच्या आधीचा, किनारा आपल्या गोव्याचाच. डिचोलीकडच्या एका खाणीत 'तेजचिरा' सापडतो. तो दिवसा ऊन पितो आणि दाब पडला की उजळतो. पुलाच्या कमानीत बसवला की कोणत्या सांध्यावर भार आला ते कळतं, आणि आग्वादच्या किल्ल्यावरून गलबतांना इशारे देता येतात. अडचण अशी की सगळंच फार सोपं होऊन बसलंय. संकट आलं, दगड दाबला, सुटलो! याला वेसण कशी घालू? इशारा किती लांबून दिसेल? आणि प्रत्यक्ष काय बघून येऊ? म्हापशात राहते, रविवार मोकळा असतो.

चिरेखाण
ताई, आधी जांभ्याची एखादी चालू खाण बघा. ताजा चिरा ओलसर आणि मऊ असतो, हत्याराने सहज तासता येतो. अंगावर भोकंच भोकं, त्यांत पिवळट माती भरलेली. वारा-ऊन खाऊन तो टणक होतो. तेजचिऱ्याला हाच स्वभाव द्या. खाणीतून निघाल्यावर थोडाच काळ घडवता येतो, नंतर छिन्नीसुद्धा चालत नाही. म्हणजे गवंड्याचं माप पहिल्याच फटक्यात बरोबर हवं.

किरणवेडा
ताणाने उजळणारी द्रव्यं खरोखर आहेत. युरोपियम मिसळलेलं स्ट्रॉन्शियम ॲल्युमिनेट हे त्यांतलं एक. त्यात डिस्प्रोसियमही घातलं की उजेड रात्रभर टिकतो. अंधारात चमकणाऱ्या 'बाहेर जाण्याचा मार्ग' पाट्यांत तेच वापरतात. घरच्या घरी बघायचं तर खडीसाखरेचा मोठा खडा घ्या, काळोख्या खोलीत दहा-पंधरा मिनिटं डोळे सरावू द्या आणि पकडीने फोडा. निळसर चमक दिसते. एकदा पाहिलीत की वर्णन आपोआप सुचेल.

तुमच्या कथेसाठी याहून मोलाची गोष्ट पुढे आहे. अशी द्रव्यं मुख्यतः ताण *बदलताना* उजळतात. भार तसाच राहिला की उजेड विझतो. म्हणजे बैलगाडी पुलावर चढली की कमान लखलखेल, पण वर्षानुवर्षं हळूहळू खचत असलेला खांब काळाच राहील. लोक उजेडावर विसंबून राहतील आणि नेमका तोच खांब दगा देईल. शिवाय जितकं ऊन प्यायलं त्याहून जास्त उजेड दगडाने देऊ नये. हा नियम मोडलात तर वाचकाला कशाचीच काळजी वाटणार नाही.

फेरीबोट
अंतराचा हिशेब सोपा आहे. उंची मीटरमध्ये घ्या, तिचं वर्गमूळ काढा, 3.6 ने गुणा. क्षितिज तितके किलोमीटर दूर. दिवा समुद्रापासून 25 मीटरवर असेल तर 18 किमी. गलबतावरच्या माणसाचे डोळे 4 मीटरवर असतील तर आणखी 7. एकूण 25, तेही हवा स्वच्छ असेल तर. आग्वादचा किल्ला 1612 चा. जहाजं तिथे गोडं पाणी भरून घेत, म्हणजे तुमच्या गलबतांना तिथे यायला कारणही आयतंच आहे. पाण्याचं टाकं आणि जुनं दीपगृह दोन्ही बघा.

शिंपीण
जुन्या गोमंतकीय घरांच्या खिडक्यांत काचेऐवजी शिंपल्यांची तावदानं असतात ना, लाकडी पट्ट्यांच्या खाचांत सरकवलेली? इशाऱ्याच्या कंदिलाला तीच लावा. हे शिंपले झुआरीच्या मुखाशी चिखलीच्या खाडीत होतात.

फेरीबोट
घरातल्या दिव्याला ती शोभतील, पण इशाऱ्याला नकोत. शिंपला उजेड पसरवतो, आपल्याला तो एका दिशेला गोळा करायचाय. मागे अंतर्वक्र आरसा ठेवा. उजेड एका दिशेला गोळा करणारं फ्रेनेलचं भिंग फ्रान्समधल्या कोर्दुआं दीपगृहात 1823 ला बसलं, तुमचा काळ त्यानंतरचा असेल तर तेही चालेल. पुढे तांब्याची झडप मात्र हवीच. दगड दाबल्यावर थोडा वेळ धुगधुगत राहिला तर दोन चमका एकमेकींत मिसळतील आणि निरोप वाचताच येणार नाही.

चिरेखाण
आणि पावसाळा विसरू नका! जून ते सप्टेंबर ऊन कुठलं? दगड उपाशीच राहणार. खवळलेल्या समुद्रात गलबतं बाहेर पडत नसत, आजही 1 जूनपासून 31 जुलैपर्यंत मासेमारी बंद असते. त्यामुळे इशाऱ्यांचं तेवढं अडणार नाही. पण पूल तर बारा महिने वापरात! नदीला पूर येतो तेव्हाच कमान आंधळी.

मांडवीकाठ
वा! चिरेखाणदादा, कथेचा पेचच सापडला. मे महिन्यात ऊन प्यायलेले चिरे काळ्या कापडात गुंडाळून, धक्का लागू नये म्हणून भाताच्या कोंड्यात पुरून ठेवतील. जुलैत ते आग्वादला द्यायचे की पुलाला, यावरून गावकरी आणि किल्लेदार यांची जुंपेल. किरणवेडा, खचणारा खांब तुमच्याकडून घेतला. आता एकच विचारते: पुरात पाण्याचा जोर सतत कमीजास्त होतो, तेव्हा बुडालेला चिरा उजळत राहील का?

किरणवेडा
प्यालेला असेल तर हो, मिणमिणत राहील आणि साठा लवकर संपवेल. गढूळ पाण्यातून वर मात्र काहीच दिसणार नाही. पाहणाऱ्याला दोर बांधून खाली सोडावं लागेल.