‘जुइन’ला मराठीत काय म्हणू?

निशाचर:
वर्षभर एक कथा लिहितेय, जपानी फँटसीच्या वळणाची. नायिका एल्फ आहे, लांब कानांची, हजारो वर्षं जगणारी. तिच्या मानेवर एका मांत्रिकानं जुइन, म्हणजे शापाची खूण (शब्द जपानी), उमटवलंय, ती मंत्र म्हणाली की ते काळं होत पसरतं. ‘शापाचा शिक्का’ कागदावर मारल्यासारखा वाटतो, ‘शापचिन्ह’ अगदीच गुळगुळीत. त्याहून मोठी अडचण म्हणजे मांत्रिक माणूस होता, त्याला मरून तीनशे वर्षं झाली. मग शाप अजून का टिकावा? मला खरं कारण हवंय, लेखकाची सोय नकोय.

चिमणपंख:
शापमुद्रा म्हणा. ‘जु’ म्हणजे शाप, आणि ‘इन’ म्हणजे उमटवलेला ठसाही, हाताची मुद्राही! निंजांच्या गोष्टींत पात्रं भराभर बोटं गुंफतात, तेही इनच. त्याचं मूळ जपानमधल्या गूढ बौद्ध साधनेत आहे. कुकाई हा भिक्षू ८०६ मध्ये चीनहून परतला आणि त्यानं शिंगोन पंथ रुजवला, ती परंपरा. राजमुद्रा आणि ज्ञानमुद्रा आपण एकाच शब्दात म्हणतो, अगदी तसंच. त्या पंथाची बीजाक्षरं सिद्धम् लिपीत असतात, ब्राह्मीच्या कुळातल्या. मुद्रेचा आकार ठरवताना ती जरूर बघा, फार देखणी आहेत.

तीनशे वर्षांबद्दल: ‘नारुतो’ या निंजांच्या जपानी चित्रकथेत ह्यूगा कुळातल्या धाकट्या शाखेच्या कपाळावर मुद्रा असते. ती मेल्यावरच पुसते, आणि जाताना त्या कुळाच्या डोळ्यांतली खास शक्ती कायमची मिटवून टाकते. म्हणजे ती सुटणार कधी, हे भोगणाऱ्याच्या मरणावर ठरतं. तीच अट एल्फला लावा. माणसाला जे पन्नास-साठ वर्षं सोसावं लागतं, ते तिला हजार वर्षं.

रानवारा:
मुद्रा मानेवर नको, कानावर द्या. मान केसांखाली झाकता येते. जपानी एल्फचे ते लांब, आडवे कान रूढ झाले ते ‘रेकॉर्ड ऑफ लोडोस वॉर’ या जपानी फँटसीतल्या डीडलिट नावाच्या एल्फमुळे. ती कथा १९८६ मध्ये एका मासिकात, पात्रं बनून खेळायच्या खेळाचा (रोल-प्लेइंग गेमचा) वृत्तांत म्हणून सुरू झाली, चित्रं युताका इझुबुची यांची. तसे कान लपवायचे तरी कुठे?

चिमणपंख:
एक राहिलंच. ‘जु’चं चित्राक्षर दोन तऱ्हांनी वाचतात. ‘नोरोइ’ वाचलं तर शाप, ‘माजिनाइ’ वाचलं तर इडापिडा टाळणारा तोडगा. लिहिलेलं तेच, वाचणाऱ्यावर सगळं.

निशाचर:
हे वाचून दोन तास नुसती बसून होते. म्हणजे मांत्रिक दुष्ट असायची गरजच नाही. लढाईच्या आदल्या रात्री त्यानं तिला वाचवायला ती मुद्रा काढली. अट घालताना ‘मरेपर्यंत’ म्हणाला, आणि हिशेब माणसाच्या आयुष्याचा केला. ती तिथंच बसलेली होती, तिला कळत होतं, तरी बोलली नाही. तिसरं प्रकरण पुन्हा लिहायला घेते. रानवारा, कानाच्या टोकाला की आतल्या बाजूला?