मदत हवी आहे : बुद्धिबळपटू सुलतान खान यांचे डाव मराठीत कोठे मिळतील?

सप्रेम नमस्कार. दारव्हा तालुक्यातील आमच्या गावी पारावरची म्हातारी मंडळी अजूनही देशी पद्धतीने बुद्धिबळ खेळतात, म्हणजे प्यादे पहिल्या चालीतही एकच घर पुढे सरकते. शाळेतली मुले दोन घरे सरकवतात आणि तिथेच वाद पेटतो. देशी पद्धतीतच घडलेल्या मीर सुलतान खान यांनी १९२९, १९३२ व १९३३ साली ब्रिटिश अजिंक्यपद जिंकले, इंग्लंडमधील हेस्टिंग्जच्या स्पर्धेत माजी विश्वविजेता कापाब्लांकालाही हरवले. फिडेचा (जागतिक बुद्धिबळ महासंघाचा) मानद ग्रँडमास्टर किताब मात्र २०२४ मध्ये, मरणोत्तर! नागपूरच्या दिव्या देशमुखने २०२५ चा महिला विश्वचषक जिंकल्यापासून मुलीही पटाशी बसू लागल्या आहेत. तिचे डाव सहज सापडतात. सुलतान खान यांचे डाव मराठी स्पष्टीकरणासह कोणाकडे असल्यास कृपया कळवावे.