रिव्हेराचा कटर पोरांना कसा शिकवायचा?

अमळनेरहून प्रश्न: सॉफ्टबॉलमधून बेसबॉलला आलेली 17 वर्षांची पोरं आहेत. अमेरिकेच्या मेजर लीगचा पिचर मारियानो रिव्हेराने बहुतांश कटर या एकाच बॉलवर (शेवटी किंचित वळणारा वेगवान बॉल) 652 सेव्ह काढले, म्हणजे तितक्यांदा शेवटी येऊन संघाची आघाडी टिकवली. पकड सांगा ना भाऊ.

जळगाव: पकड फोर-सीमचीच, म्हणजे साध्या सरळ वेगवान बॉलची. फक्त बॉल किंचित फिरवून दोन्ही बोटं बाहेरच्या बाजूला सरकवायची, दाब मधल्या बोटाचा. मनगट वळवायचं नाही! सगळे तिथेच फसतात. वळवलं की स्लायडर (जास्त वळणारा, हळू बॉल) होतो, वेग पडतो, कोपरावर ताण येतो. उजव्या हाताचा कटर शेवटच्या क्षणी डावखुऱ्या बॅटरच्या अंगाकडे शिरतो, मुठीजवळ लागतो. रिव्हेरासमोर इतक्या बॅटी तुटल्या त्या यामुळेच.

धुळे: पोरांना खालून फेकायची सवय असेल, तर आधी दोन-तीन आठवडे साधा फोर-सीमच. मग 10 मीटरवरून कटर, जमला की पिचरपासून प्लेटपर्यंतचं (बॅटरजवळची जमिनीतली पाटी) पूर्ण 18.44 मीटर. ओल्या काळ्या मातीत बॉलचे टाके बुजतात, बोट घसरतं. फडकं जवळ ठेवा.

नंदुरबार: नुसती पकड घेऊन रिव्हेरा होत नाही, भो. बॉल प्लेटच्या कडेवर हवा तिथे पडायचा, ती खरी कमाई. प्लेऑफमध्ये (हंगामाअखेरच्या बाद फेऱ्या) ईआरए, म्हणजे नऊ इनिंगमागे पिचरच्या नावावर लागलेले रन, फक्त 0.70! 2019 मध्ये हॉल ऑफ फेमची (बेसबॉलच्या दिग्गजांचा सन्मान) 425 पैकी 425 मतं, असा तो पहिलाच.

अमळनेर: म्हणजे आधी नेम. उद्या प्लेटच्या दोन्ही कडांना दोरी बांधतो.