ले-ऑफ झाला तर अनएम्प्लॉयमेंट क्लेम करायचा की नाही?

रॅरिटनकाठ

अलीकडे ओळखीतल्या दोन घरांत नोकरी गेली. दोघंही न्यू जर्सीतले, दोघांकडे ग्रीन कार्ड, घराचे हप्ते चालू, मुलं शाळेत. आणि दोघांनीही बेकारी विम्यासाठी अर्ज केला नाही. एकाचं म्हणणं, "आपल्यावर कुठे एवढी वेळ आली आहे?" दुसऱ्याला भीती, की सरकारी मदत घेतली तर पुढे सिटिझनशिपला अडचण येईल. मला दोन्ही कारणं पटत नाहीत. मंडळाच्या गणपतीत यावर नुसतं दबक्या आवाजात बोललं जातं, म्हणून इथे उघड मांडतोय.

आधी पगाराची स्लिप काढून बघा. अमेरिकेत बहुतेक राज्यांत या विम्याचा हप्ता एकटा मालक भरतो. न्यू जर्सी, पेन्सिल्व्हेनिया आणि अलास्का ही तीन राज्यं मात्र कर्मचाऱ्याच्या पगारातूनही कापून घेतात. न्यू जर्सीत २०२५ साली पहिल्या ४३,३०० डॉलरवर ०.३८२५ टक्के, म्हणजे वर्षाला साधारण १६५ डॉलर. दहा-पंधरा वर्षं आपण हा हप्ता भरतो, आणि ज्या प्रसंगासाठी भरला तो प्रसंग आला की मागायला लाजतो!

मिळतं किती? सरासरी आठवडी पगाराच्या ६० टक्के, पण २०२५ साठी कमाल मर्यादा ८७५ डॉलर, जास्तीत जास्त २६ आठवडे. पूर्ण घेतलं तर २२,७५० डॉलर होतात. केंद्राचा आयकर लागतो, न्यू जर्सीचा लागत नाही. घराचा हप्ता आणि किराणा निघतो, चांगली नोकरी शोधायला जरा श्वास मिळतो.

सिटिझनशिपच्या भीतीबद्दल एवढंच सांगतो: हा नोकरीतून कमावलेला हक्क आहे. 'पब्लिक चार्ज'च्या, म्हणजे माणूस सरकारवर भार ठरेल का या, हिशेबात तो धरला जात नाही, आणि नॅचरलायझेशनला (नागरिकत्व मिळवायला) तर ती कसोटीच नाही.

अर्ज नोकरी गेली त्याच आठवड्यात करा. क्लेम ज्या आठवड्यात भरला त्याच्या रविवारपासून धरतात. सबळ कारण असल्याशिवाय मागची तारीख मिळत नाही. महिनाभर विचार करत बसलात तर तो महिना गेला. सोशल सिक्युरिटी नंबर, ग्रीन कार्डवरचा ए-नंबर आणि मागच्या अठरा महिन्यांतल्या प्रत्येक मालकाचं नाव, पत्ता, फोन, तारखा जवळ ठेवा. एचआरकडून बीसी-१० फॉर्म (क्लेम कसा करायचा ते सांगणारा) मागून घ्या, तो देणं त्यांच्यावर बंधनकारक आहे. आणि सेव्हरन्स, म्हणजे नोकरी जाताना कंपनी देते ती रक्कम, मिळाला म्हणून थांबू नका. सेवेच्या वर्षांवर ठरलेली एकरकमी रक्कम न्यू जर्सीत क्लेमच्या आड येत नाही. कंपनी पुढचे काही आठवडे पगारच चालू ठेवणार असेल तर गोष्ट वेगळी.

हडसनपार

मुद्दे वाचले. माझं मत पूर्ण उलट आहे, आणि मी टेबलाच्या दुसऱ्या बाजूला बसतो म्हणून लिहितो. माझा छोटा व्यवसाय आहे, मोजकी माणसं. तुम्ही १६५ डॉलर भरता. मालक त्याच ४३,३०० वर कितीतरी जास्त भरतो, आणि शिवाय केंद्राला पहिल्या ७,००० डॉलरवर वेगळा कर. माझ्याकडून सुटलेल्या माणसाने क्लेम केला की तो माझ्या खात्यावर पडतो आणि पुढचा दर ठरताना मोजला जातो. मोठ्या टेक कंपनीला ते जाणवतही नसेल. मला जाणवतं, आणि मग नवीन माणूस घेताना हात आखडतो.

दीड-दोन लाख डॉलर पगार, वर सेव्हरन्स, शेअर्स, पुण्यात फ्लॅट. अशा माणसाने आठवड्याला ८७५ का घ्यावेत? कायद्याने मिळतं हे मान्य. मिळतं ते सगळं घ्यायलाच हवं असं नाही. हा निधी गोदामातल्या कामगारासाठी, हॉटेलातल्या वाढप्यासाठी आहे.

रॅरिटनकाठ

हडसनपार, दराचा मुद्दा खरा आहे. पण ती व्यवस्था जाणूनबुजून तशी केली आहे: जो जास्त माणसं काढतो त्याने जास्त भरावं. हा कायदा १९३५ च्या सोशल सिक्युरिटी अ‍ॅक्टमधून आला, त्याआधी १९३२ मध्ये विस्कॉन्सिनने पहिला केला. तेव्हापासून ठरलेलं आहे की पात्रता आधीच्या कमाईवर आणि नोकरी जाण्याच्या कारणावर ठरते, बँकेतल्या शिलकीवर नाही. वाढप्याचे पैसे मी क्लेम केल्याने कमी होत नाहीत. त्याची रक्कम त्याच्या पगारावर ठरते आणि ती त्याला मिळतेच.

आणि दीड लाखवाला म्हणजे श्रीमंत, हे न्यू जर्सीतल्या एडिसन गावच्या घरांच्या किमती बघून म्हणा.

ध्रुवबाळ

मी ७० च्या घरात आहे. आमच्या पिढीतले पुष्कळ लोक वायटूकेच्या (२००० साल उजाडताना संगणकातल्या तारखांच्या घोळाच्या) वेळी कोबोल या जुन्या संगणकभाषेच्या जोरावर इथे आले. २००१ मध्ये डॉट-कॉम कोसळलं तेव्हा माझीही नोकरी गेली. मी एक डॉलर घेतला नाही, आणि आजही मला ते बरोबरच वाटतं. बायको कमावत होती, शिल्लक होती, भागलं.

"कुणाचं कमी होत नाही" या वाक्याला माझी हरकत आहे. पैशाची रांग नसेल, पण माणसांची असते. एप्रिल २०२० आठवा. न्यू जर्सीत अर्जांचा लोंढा आला, जुन्या मेनफ्रेमवरची यंत्रणा अडखळली आणि गव्हर्नर मर्फींना पत्रकार परिषदेत कोबोल येणारे स्वयंसेवक हवेत असं सांगावं लागलं. मला ते ऐकताना फार वाईट वाटलं होतं. ज्याच्या घरी पुढच्या आठवड्याचं भाडं नव्हतं, तो फोन लावत बसला होता. ज्याचं भागतंय त्याचा प्रत्येक अर्ज त्या कारकुनाच्या टेबलावरचा ढीग वाढवतो. म्हणून ज्याला जमतं त्याने थोडं मागे थांबावं, असं मला मनापासून वाटतं.

ऊनसावली

ध्रुवबाळ काका, तुमच्या भावनेचा आदर आहे, पण "बायको कमावत होती" हे वाक्य तुमच्या सगळ्या मुद्द्याचा पाया आहे. माझ्या घरी दुसरा पगार नव्हता.

मी क्लेम केला आहे. राज्याचं नाव घेत नाही, न्यू जर्सी नव्हे. माझं घोडं अडलं ते नावावर. आपल्याकडे मधलं नाव वडिलांचं, लग्नानंतर नवऱ्याचं. सोशल सिक्युरिटी कार्डावर तिन्ही नावं, कंपनीच्या स्लिपवर पहिलं आणि आडनाव, पासपोर्टवर माहेरचं. ऑनलाइन ओळख पटवताना सेल्फी जुळला, नाव जुळेना. पडद्यावर एकच ओळ: क्लेम प्रलंबित. फोन सकाळी आठला उघडतो, आठ वाजून एक मिनिटाने "आज सर्व प्रतिनिधी व्यस्त आहेत" आणि पलीकडून कट.

मार्ग निघाला तो आमच्या भागाच्या असेंब्ली (राज्य विधानसभा) सदस्याच्या कार्यालयातून. तिथे एक बाई फक्त लोकांची अशी अडलेली कामं बघतात. मी पासपोर्ट, कार्ड आणि लग्नाचा दाखला स्कॅन करून पाठवला, त्यांनी तो आत पोचवला, आणि मग मला उलट फोन आला. न्यू जर्सीतल्या मंडळींनो, तुमच्या प्रत्येक मतदारसंघाला एक राज्य सिनेटर आणि दोन असेंब्ली सदस्य आहेत. त्यांचं कार्यालय वापरा. त्यासाठी मतदार असावं लागत नाही.

आणखी एक. पैसे आपोआप येत राहत नाहीत. ठरलेल्या दिवशी सर्टिफाय करावं लागतं: तुम्ही काम करण्यास सक्षम आणि उपलब्ध होता का, काम शोधलं का, आलेलं काम नाकारलं का, काही कमाई झाली का. अगदी एका दिवसाचं कन्सल्टिंग केलं असेल तरी लिहा. लपवलं तर पैसे परत द्यावे लागतात, वर दंड. कुठे कुठे अर्ज केले त्याची वही ठेवा.

शुक्रवारची_बस

तुम्ही सगळे ग्रीन कार्डवाले निवांत वाद घालताय. माझ्या स्लिपवर तीच कपात आहे, तोच दर, तीच ओळ. मी एच-वन-बीवर, म्हणजे मालकाने काढलेल्या कामाच्या व्हिसावर, आहे. उद्या नोकरी गेली तर हातात साठ दिवस, किंवा आय-९४ ची (इथे राहण्याच्या मुदतीच्या नोंदीची) तारीख, जे आधी येईल ते. घ्यावं की न घ्यावं हा प्रश्न माझ्यापुढे येतच नाही, कारण "कामासाठी उपलब्ध आहात का" याचं उत्तर मी काय देऊ? माझा परवाना एका मालकापुरता. तो मालक गेला की दुसऱ्याने माझ्यासाठी पिटिशन (व्हिसाचा अर्ज) भरेपर्यंत मी काम करू शकत नाही, आणि बहुतेक ठिकाणी याच मुद्द्यावर क्लेम नाकारला जातो. म्हणजे हप्ता घेताना मी कर्मचारी, आणि गरज पडली की मी अपात्र. हा अन्याय आहे. याबद्दल मराठी मंडळांनी, भारतीय संघटनांनी आवाज उठवायला हवा. लाज वाटावी की नाही ही चर्चा नंतर करा.

रॅरिटनकाठ

तुमचा मुद्दा शंभर टक्के मान्य, आणि मूळ लेखात तो यायलाच हवा होता. इतर वाचकांसाठी: एच-वन-बीवर असाल तर "सगळे करतात" म्हणून सर्टिफाय करू नका. त्या प्रश्नांची उत्तरं शपथेवर दिलेली धरली जातात, चुकीचं उत्तर इमिग्रेशनच्या फाइलमध्ये नंतर छळू शकतं. आधी वकिलाला विचारा. एच-फोर (एच-वन-बीवाल्याच्या जोडीदाराचा व्हिसा) ईएडी, म्हणजे काम करायचा परवाना, किंवा ग्रीन कार्डच्या अर्जावर मिळालेलं ईएडी असेल तर परिस्थिती वेगळी, कारण तो परवाना एका मालकाला बांधलेला नसतो.

ध्रुवबाळ काकांना: केंद्र सरकार राज्यांना ही कार्यालयं चालवायला जो पैसा देतं, तो बराचसा कामाच्या बोज्यावर ठरतो. पात्र लोकांनी अर्जच केले नाहीत तर बोजा कागदावर कमी दिसतो. आपण मागे थांबल्याने टेबलामागची माणसं वाढत नाहीत.

मुळामुठा

पुण्यातून लिहितो. तुमच्या वादात महाराष्ट्राची एक गोष्ट आठवली. आपल्या रोजगार हमी कायद्यात, ज्यामागे वि. स. पागे यांचा विचार होता, काम मागितल्यावर १५ दिवसांत दिलं नाही तर बेकारी भत्ता द्यायची तरतूद होती. पुढे केंद्राच्या २००५ च्या कायद्यातही ती आली. आणि त्या योजनेसाठी शहरातल्या पगारदारांवर १९७५ साली व्यवसाय कर बसवला. तोच, स्लिपवर दिसणारा दरमहा २०० रुपयांचा. तेव्हा पगारातून कापून बेकारासाठी ठेवणं ही काही परकी कल्पना नाही.

आयटीवाल्यांचं मात्र इथे हाल कुत्रं खात नाही. ईएसआयच्या (कर्मचारी राज्य विम्याच्या) अटल योजनेत सरासरी वेतनाच्या निम्मी रक्कम ९० दिवसांपर्यंत मिळते, पण ईएसआय लागू होतं २१,००० रुपयांपर्यंतच्या पगाराला. हिंजवडीत ज्याची नोकरी जाते तो थेट पीएफ काढतो आणि म्हातारपणाचे पैसे खातो. म्हणून ज्याला तिकडे हक्क आहे त्याने तो सोडू नये असंच मी म्हणेन.

हडसनपार

माझं मत बदललेलं नाही. फ्लोरिडात कमाल आठवड्याला २७५ डॉलर आहे, कॅलिफोर्नियात २००५ पासून ४५० वर अडकलंय, आणि तरी त्या राज्यावर या निधीपोटी केंद्राचं सुमारे २० अब्ज डॉलरचं कर्ज, ज्याचा भुर्दंड तिथले मालक भरतात. अशा वेळी ज्याचं भागतंय त्याने न घेणं याला मी संस्कार म्हणतो. पण माझ्याकडची व्यक्ती गेली तर शेवटच्या दिवशी फॉर्म हातात देतो, आणि कारण खरं लिहितो. तेवढं प्रत्येक मालकाने करावं.

ऊनसावली

कारण खरं लिहिणारे तुम्ही आहात. मैत्रिणीच्या बाबतीत कंपनीने ले-ऑफऐवजी "गैरवर्तन" लिहून पाठवलं आणि क्लेम नाकारला गेला. ती आता काय करू विचारते आहे.

रॅरिटनकाठ

पत्रावर अपिलाची शेवटची तारीख छापलेली असते, तिच्या आत अपील करायला सांगा. सुनावणी बहुतेक वेळा फोनवरच होते. कंपनीची ले-ऑफची ईमेल, शेवटचं कामाचं मूल्यमापन, एचआरशी झालेले संदेश आधीच पाठवून ठेवावेत. आणि निकाल लागेपर्यंत सर्टिफाय करणं थांबवू नये. अपील जिंकलं तरी न भरलेल्या आठवड्यांचे पैसे मिळत नाहीत.