मदत हवी आहे: बाहेर तडजोड झालीय, अपील नुसतं काढून घेतलं तर चालेल का?

नमस्कार मंडळी, गावठाणातल्या आमच्या घराची भिंत चुलत काकांच्या जागेत आलीय असा त्यांचा दावा होता, खालच्या कोर्टात तो त्यांच्या बाजूने लागला, भिंत पाडून ताबा द्या असा हुकूमनामा झाला. वडील आणि आत्या दोघांनी मिळून जिल्हा न्यायालयात अपील केलं, स्टे मिळालाय, काकांची दरखास्त (हुकूमनामा अमलात आणायचा अर्ज) तशीच पडून आहे. आता दिवाळीत दोन्ही घरं एकत्र बसली आणि मिटलं एकदाचं. भिंत आहे तिथेच राहणार, आम्ही २ लाख द्यायचे आणि आमच्या परड्यातून त्यांना गाडी जाईल एवढी वाट द्यायची. ५०० च्या स्टॅम्पवर लिहून नोटरी केलंय, पैसे अजून दिलेले नाहीत.

काकांचे वकील म्हणतात अपील काढून घेतो अशी पुरसीस (कोर्टात द्यायचं लेखी निवेदन) द्या, विषय संपला. वडील तयारच आहेत, इतक्या वर्षांनी भावाभावांचं बोलणं सुरू झालंय त्यामुळे आता कागदाचा विषय काढला की त्यांना ते अविश्वास दाखवल्यासारखं वाटतं. पण अपील गेलं की स्टे पण जाणार आणि खालचा हुकूमनामा कायम राहणार ना? काकांची मुलं बैठकीला नव्हती, उद्या त्यांनी दरखास्त पुढे चालवली तर? शिवाय आत्या दुबईला मुलाकडे आहे, तिच्या सहीशिवाय होईल का? प्लीज जाणकारांनी सांगा, पुढची तारीख जवळ आलीय.

प्रतिसाद:
भीती बरोबर आहे तुमची. नुसतं अपील काढू नका. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर २३ रूल ३ खाली तडजोड लेखी करून सगळ्यांच्या सह्यांनी अपिलातच दाखल करा, कोर्ट खात्री करून त्याप्रमाणे हुकूमनामा करतं आणि मग खालचा हुकूमनामा उरत नाही. नोटरीच्या कागदावर विसंबू नका, ऑर्डर २१ रूल २ प्रमाणे कोर्टात नोंद न झालेली तडजोड दरखास्तीत धरतच नाहीत आणि त्या नोंदीच्या अर्जाला मुदत फक्त ३० दिवस. आत्याची संमती लागणारच, दुबईच्या भारतीय वाणिज्य दूतावासातून मुखत्यारपत्र करून मागवा, त्यात तडजोडीचा अधिकार स्पष्ट लिहा, इथे आल्यावर ३ महिन्यांत स्टॅम्प ड्युटी भरा. परड्यातली वाट मूळ दाव्यात नव्हती ना? मग तेवढ्यासाठी रजिस्ट्रेशन लागेल, हे बरेच जण विसरतात. लोकअदालतीत ठेवलंत तर कोर्ट फी पण परत मिळते.

धागाकर्ता:
खूप आभार दादा, लोकअदालतीचं वडिलांनाही पटेल. पैसे आधी द्यायचे का?

प्रतिसाद:
नाही, त्याच दिवशी कोर्टासमोर डीडीने द्या, नंबर तडजोडीत लिहा आणि दरखास्त निकाली काढायची पुरसीस काकांच्या सहीने तेव्हाच तयार ठेवा.